मॅग्नेशियमचं झबलं

आईचं आमच्याकडे राहायला यायचं ठरलं, तेव्हा तिने फोनवर एकच अट घातली.

"सोन्या, मला सकाळी अंगावर घ्यायला ऊन ऊन पाणी लागतं. बाकी तुझ्याकडे काय आहे आणि काय नाही, ते मला ठाऊक आहे."

बोलण्याचा उत्तरार्ध मी ऐकलाच नाही. आईचं सगळं ऐकणारे मुलगे पुढे दादासारखे होतात.

दादा म्हणजे माझा थोरला भाऊ. इतकी वर्षं आई त्याच्याकडेच होती. त्याच्या गच्चीवर उन्हात पाणी तापवणारी काचेची यंत्रणा आहे, नळापुढे हात धरला की नळ आपण होऊन वाहतो, कपडे धुणारं यंत्र काम संपलं की गाणं म्हणून कळवतं. त्या घरात सगळं आपोआप चालतं, दादासुद्धा. मी भेटलो की तो "तुमच्याकडे अजून बादलीच का रे?" असं इतक्या मायेने विचारतो, की बादलीलाही रडू यावं.

आईने सौदा चोख केला होता. थंडीचे दिवस माझ्याकडे राहून बघायचं. जमलं तर कायमची राहणार, नाही जमलं तर दादा गाडी घेऊन हजर. म्हणजे ही सरळसरळ परीक्षा होती आणि अभ्यासाला एकच धडा होता : गरम पाणी. आणि मला ती राहायला हवी होती. आई बसल्या बसल्या दोन दोन ओळींची गाणी रचते. भाजी निवडताना भाजीवर, पंखा पुसताना पंख्यावर, आणि विषय संपले की माझ्यावर. ती दादाकडे असताना ही गाणी मला फोनवरून, शिळी होऊन मिळायची. मला ती ताजी हवी होती, एवढंच. मागणी फार मोठी नव्हती. फक्त ती आमच्या न्हाणीघरातल्या गिझरवर टांगलेली होती.

हा गिझर दिसायला आमच्या संसाराइतकाच जुना. बटण दाबलं की तो आधी खोकायचा, मग विचार करायचा, आणि मग कोमट व्हायचा. आमचंही तसंच आहे, असं बायको म्हणते. तर आई यायच्या आत त्याची तपासणी करून घ्यावी म्हणून मी मेकॅनिकला बोलावलं.

हा मेकॅनिक आमच्या भागात नावाजलेला आहे. येतो म्हणाला की येत नाही, आणि आला तर त्याची हत्यारांची पिशवी येत नाही. या खेपेला दोघंही आले, हा आमचा मान. त्याने गिझरचं पोट उघडलं आणि आतून एक वाकडी तार बाहेर ओढली. तारेला चुन्यासारखे दोनचार पांढरे खडे चिकटले होते.

"गेली," तो म्हणाला. मोठ्या दवाखान्यात असंच म्हणतात.

"काय गेली?"

"कांडी. मॅग्नेशियमची."

"चोरीला?"

"खाल्ली."

"कुणी?"

"पाण्याने, साहेब. टाकी लोखंडाची. पाणी लोखंड खायला बघतं. म्हणून आत ही कांडी लटकवतात. पाणी आधी हिला खातं, टाकीला सोडतं. ही संपली की मग टाकीचा नंबर. तुमची कधीचीच संपलीय." त्याने टाकीवर बोटाने टकटक केलं आणि चेहरा पाडला. "खरं तर टाकीच बदला. माझ्या मेव्हण्याचं दुकान आहे."

मेव्हण्याला मी ठाम नकार दिला. "मग कांडी आणून ठेवा, मी संध्याकाळी येतो बसवायला," असं म्हणून तो जिना उतरला आणि आमच्या आयुष्यातून निघून गेला.

मी कांडी आणली. कागद उलगडून हातात घेतली आणि, खोटं कशाला सांगू, मला भरून आलं. चांदीसारखी उजळ, आणि हलकी तर इतकी, की हातावर चांदणं ठेवल्यासारखं वाटावं. मी तिच्याबद्दल वाचायला बसलो. माणसाने एखाद्या धातूबद्दल फार वाचू नये. ओळख वाढते आणि मग त्याला पाण्यात टाकवत नाही.

काय ते खानदान! मोठमोठ्या ताऱ्यांच्या पोटात या मॅग्नेशियमचा जन्म. तारे फुटले तसं ते अवकाशभर उधळलं, आणि फिरत फिरत आमच्या पृथ्वीवर मुक्कामाला आलं. समुद्राच्या पाण्यात ते विरघळलेलं, आपल्या हाडांत ते बसलेलं. झाडांच्या पानांना जो हिरवा रंग असतो, त्या रंगाच्या कणाकणाच्या मधोमध मॅग्नेशियम. म्हणजे जगातली सगळी हिरवाई याच्या जिवावर. जळताना इतका शुभ्र उजेड देतं, की जुने फोटोवाले त्याचीच पूड पेटवून फोटो काढायचे. आपले पणजोबा फोटोत भूत पाहिल्यासारखे का दिसतात, तर मॅग्नेशियममुळे. पोटात जळजळ झाली की जे पांढरं औषध आपण तोंड वाकडं करून पितो, त्यातही पुष्कळदा हेच. आणि इतक्या घरंदाज मूलद्रव्याला आम्ही नोकरी काय दिली? तर न्हाणीघरात, काळोखात, उलटं लटकून पाण्याकडून खाल्लं जाण्याची.

मला ते सहन झालं नाही. त्यात आमच्या घराचा एक दंडक आहे. नवी वस्तू उघडी ठेवायची नाही. टीव्हीचा रिमोट आमच्याकडे आला त्याच प्लास्टिकमध्ये अजून आहे. आवाज वाढवायचा तर अंदाजाने दाबावं लागतं आणि बातम्यांच्या जागी कुस्ती लागते, पण रिमोट नवा आहे. फ्रीजच्या मुठीला मोजा आहे. मोबाइलला कव्हर आहे आणि कव्हरला पिशवी आहे. पाहुणे सोफ्यावरून उठले की सोफ्याचं प्लास्टिक असा काही आवाज करतं, की पाहुणे पुन्हा येत नाहीत; त्यामुळे सोफाही नवा आहे. लग्नाच्या अल्बमवर एकावर एक कव्हरं चढली आहेत. आतल्या फोटोत आम्ही दोघं नेमके कसे दिसतो, हे कित्येक वर्षांत कुणी पाहिलेलं नाही, आणि संसार सुरळीत चालला आहे.

अशा घरात कांडी उघडी कशी राहील?

हा प्रश्न मी शेजारच्या सर्वज्ञांपुढे ठेवला. हे गृहस्थ रंगाच्या वखारीत हिशेब लिहून निवृत्त झाले. डब्यांवरची लेबलं वाचून वाचून रसायनशास्त्र त्यांच्या खिशात जाऊन बसलं आहे. आमच्या जिन्यात कुणाचंही काहीही बिघडलं, की हे दार उघडून उभे असतात. बिघडायच्या आधीही असतात.

"सोपं आहे," ते म्हणाले. "टेफ्लॉनची टेप. नळाच्या आट्यांवर प्लंबर गुंडाळतो ना, पांढरी, ती. गुंडाळा वरपासून खालपर्यंत. पाण्याचा बाप आला तरी आत शिरणार नाही."

"टिकेल?"

"टिकेल? अहो, त्यात फ्लोरिन आहे फ्लोरिन!"

घरी येऊन मी फ्लोरिनबद्दल वाचलं. सगळ्या मूलद्रव्यांत याच्याइतकं भांडकुदळ कुणी नाही. दिसेल त्याच्या अंगावर धावून जातं, काच खातं, पाण्यालाही सोडत नाही. मोकळं असताना त्याला डांबून ठेवायला भांडं शोधता शोधता जुने शास्त्रज्ञ आजारी पडले. पण एकदा का कार्बनशी संसार मांडला, की हेच फ्लोरिन इतकं निवतं, की कुणाच्या अध्यात नाही, मध्यात नाही. त्याला काही चिकटत नाही आणि ते कुणाला चिकटत नाही. मला हे सगळं फार ओळखीचं वाटलं. मी टेपच्या गुंडाळ्या आणल्या.

बायको दारात उभी राहून बघत होती. "अहो, पण ती झिजावी म्हणूनच लावतात ना? तो माणूस तसंच म्हणाला."

"तो मेव्हण्याचा माणूस आहे. त्याला कांड्या खपवायच्या आहेत."

"बरं," ती म्हणाली. 'बरं' या शब्दाचे आमच्या घरात पुष्कळ अर्थ आहेत. होकार हा त्यातला एकही नाही.

बाळाला न्हाऊ घालून झबलं चढवावं तसं मी त्या कांडीला नटवलं. खालून वर, वरून खाली, घडीवर घडी. एक कण उघडा ठेवला नाही. मग स्वतःच्या हाताने ती गिझरमध्ये बसवली, चार आटे घट्ट आवळले आणि बटण दाबलं. गिझर खोकला, विचारात पडला, आणि चक्क तापला. मी सर्वज्ञांना हाक मारून वाफ दाखवली. एका मध्यमवर्गीय माणसाच्या वाट्याला आयुष्यात इतकंच वैभव येतं. मी ते पुरतं भोगलं.

आई आली. पहिल्या दिवशी न्हाणीघरातून बाहेर येताना तिचे गाल लाल झाले होते. "पाणी छान आहे हो," ती म्हणाली. परीक्षेत पहिला पेपर सोपा गेल्यावर मुलगा जसा चालतो, तसा मी दिवसभर चाललो.

पण मी गाफील राहिलो नाही. दादाच्या तोडीची बडदास्त ठेवायचीच, असा माझा निश्चय होता. आईच्या पायात मोजे, अंगात स्वेटर, स्वेटरवर शाल, शालीवर दुसरी शाल, कानाला टोपी. खिडकीपाशी आरामखुर्ची. तिने केरसुणीला हात लावला की मी ती काढून घ्यायचो. ती भाजी निवडायला बसली की "आई, पाठ दुखेल" म्हणत परात उचलायचो. ती जिन्याकडे निघाली की "आई, गुडघे" म्हणायचो. एकदा ती नुसतीच उठली, तरी मी "काय हवंय?" म्हणून धावलो.

"काही नको रे. उठून बघत होते, अजून येतं का ते."

मी शाल नीट केली. थोड्या वेळाने खिडकीपाशी गुणगुण ऐकू आली.

"नळाला आलं पाणी, पाण्याला आलं ऊन,
लेकाच्या राज्यात मी गं बसले शाल घेऊन."

"ऐकलंस?" मी बायकोला म्हटलं. "किती सुखात आहे!"

"बरं," बायको म्हणाली.

संध्याकाळी दादाचा फोन यायचा. आईचं बोलणं मला ऐकू यायचं. "हो, बरी आहे... बसलेय... काय करतेस म्हणजे? बसलेय म्हटलं ना... पाणी? हो, पाणी गरम आहे... नाही रे, काही करू देत नाहीत." हे शेवटचं वाक्य मी प्रमाणपत्र म्हणून मनातल्या भिंतीवर लावलं.

मग एके सकाळी पाणी गुलाबी आलं.

गुलाबी म्हणजे अगदी हलकं. लाजऱ्या माणसाच्या कानाच्या पाळीसारखं. मी सर्वज्ञांना बादली दाखवली. त्यांनी बोट बुडवलं, बोटाचा वास घेतला आणि डोळे मिटले. "लोह," ते म्हणाले. "पाण्यात लोह वाढलंय. रक्ताला उत्तम. लोक याच्या गोळ्या घेतात."

आईने बादलीत पाहिलं आणि माझ्याकडे पाहिलं.

"गुलाबी झालं पाणी, लाजलं कुणाला बाई,
टाकीच्या पोटातलं गं टाकी सांगत नाही."

दोनचार दिवसांत गुलाबीचं भगवं झालं, भगव्याचं विटकरी. आईचा पांढरा पंचा मातीच्या रंगाचा झाला. मग फोनवर दादाला "रविवारी मोकळा आहेस का?" असं विचारताना मी तिला ऐकलं. मी तडक गिझर बंद केला, पोट उघडलं आणि कांडी बाहेर काढली. झबलं उलगडलं.

आत कांडी जशीच्या तशी! चकचकीत! एक ओरखडा नाही, एक खळगा नाही. आणली तेव्हा होती तशीच, नव्या नवरीसारखी.

माझ्या आनंदाला पारावार राहिला नाही. मी ती कांडी घेऊन घरभर फिरलो. आईला दाखवली, बायकोला दाखवली, जिन्यात जाऊन सर्वज्ञांना दाखवली. सर्वज्ञांनी माझा हात हातात घेऊन दाबला. "कंपनीला कळवा," ते म्हणाले. "आजवर हे कुणाला सुचलं नसणार."

कुणालाच का सुचलं नसेल, हा विचार आम्हा दोघांच्याही मनाला शिवला नाही.

"कांडी नवी आहे ना?" बायको म्हणाली.

"करकरीत!"

"मग हा गंज कुणाचा?"

स्त्रियांचं हे असं असतं. आनंदाच्या क्षणी नेमका प्रश्न विचारतात. मी तिला समजावलं, की लोखंड हा मुळात मातीतून खणून काढलेला धातू. आपण त्याला भट्टीत घालून, ठोकून, टाकी करून घरी आणतो, पण त्याचा जीव तिथेच अडकलेला. हवा आणि पाणी भेटलं, की ते पुन्हा लाल माती व्हायला निघतं. गंजणं म्हणजे लोखंडाचं माहेरी जाणं.

"म्हणजे आपली टाकी माहेरी निघालीय," बायको म्हणाली, आणि पुसायला फडकं आणायला गेली.

फडकं अपुरं पडलं. मी कांडीला पुन्हा नवं झबलं घालून बसवत होतो, तेवढ्यात टाकीच्या बुडातून "टप" असा आवाज आला. मग "टपटप". मग कुणीतरी आतून लाथ मारावी तसा टाकीच्या तळाचा एक तुकडा सुटला, आणि विटकरी पाण्याचा लोंढा माझ्या अंगावरून, न्हाणीघरातून, उंबऱ्यावरून ओसंडून, आमच्या नव्याकोऱ्या सोफ्याच्या पायाशी गेला. सोफ्याला काही झालं नाही. प्लास्टिक होतं.

जे व्हायचं ते खाली झालं. आमच्या खालच्या घरात शिवणकाम करणाऱ्या एक बाई राहतात. एरवी त्यांचं मशीन दिवसभर पावसाच्या सरीसारखं वाजत असतं. ते एकदम थांबलं. मग जिन्यात पावलं वाजली. मी पावलांवरूनच ओळखलं, की ही पावलं साखर मागायला येत नाहीयेत.

बाईंच्या दोन्ही हातांवर पांढऱ्या कोटांचा ढीग होता. दवाखान्यातल्या डॉक्टरांचे कोट. उद्या द्यायचे होते. प्रत्येक कोटावर विटकरी डाग होते, कुणाच्या छातीवर, कुणाच्या पाठीवर. मारामारी करून आलेल्या डॉक्टरांची टोळी असावी, तसे ते कोट दिसत होते.

"हे काय आहे?" बाई म्हणाल्या.

"लोह," माझ्या मागून सर्वज्ञ म्हणाले. "रक्ताला..."

"तुम्ही आत जा," बाई म्हणाल्या, आणि सर्वज्ञ आयुष्यात पहिल्यांदा आपलं दार लावून आत गेले. मग बाई माझ्याकडे वळल्या. "छतातून थेट मशीनवर गळतंय! घरात पाणी आहे की खाण? आता मी उद्या काय नेऊन देऊ? सांगा ना, गप्प का?"

मी गप्प होतो कारण माझ्या मिशीतून पाणी गळत होतं. अशा वेळी माणसाने प्रतिष्ठा राखायची तर स्थिर उभं राहावं. मी राहिलो.

तेवढ्यात खिडकीपाशी काहीतरी हललं. आरामखुर्चीतून आई उठली. तिने वरची शाल काढली, मग खालची. टोपी काढली, स्वेटर काढला, मोजे भिरकावले, पदर खोचला. थर उतरत गेले तशी ती कमी व्हायच्या ऐवजी वाढत गेली.

"अगं, ओरडतेस काय नुसती?" ती बाईंना म्हणाली. "सुकले की डाग धरून बसतील. लिंबं आहेत का तुझ्याकडे?"

"आहेत... पण काकू, हे तुमच्या मुलाने..."

"त्याला नंतर बोल. तो काय, कुठे जाणारेय? चल आधी. मीठ मी घेते."

आणि आई जिना उतरून गेली. "आई, गुडघे!" मी ओरडलो. उत्तर म्हणून खालून गाणं आलं.

"वरच्या घरी गं न्हाणं, खालच्या घरी पूर,
मधल्या जिन्यात लेकाचा उतरला सारा नूर."

त्यावर बाई हसल्या. मला कळेना, आता माझी बाजू कोण घेणार.

दुसऱ्या दिवशी मी गिझर कंपनीच्या सेवा केंद्रात गेलो. आशा एवढीच, की रविवारी दादा यायच्या आत नवी टाकी मिळावी. टाकीच्या हमीची मुदत संपायला थोडे दिवस उरले होते. काचेमागच्या गृहस्थाने सगळं शांतपणे ऐकलं.

"कांडी झिजली होती का?" त्याने विचारलं.

मी जुनी तार काढून दाखवली. "पूर्ण."

"मग हमी मिळणार नाही. झिजलेली कांडी ग्राहकाने वेळेवर बदलायची असते."

"बदलली!" मी विजयाने नवी कांडी काढून तिचं झबलं अर्ध्यापर्यंत सोडलं. "ही बघा. अजिबात झिजलेली नाही."

त्याने ती उलटसुलट पाहिली. "मग तर मुळीच मिळणार नाही. झिजलेली नाही, म्हणजे हिने काम केलेलं नाही."

"म्हणजे कांडी झिजली तर माझी चूक आणि नाही झिजली तरी माझीच?"

"हो," तो समाधानाने म्हणाला. समोरच्याला नियम समजला, की अशा माणसांना खरा आनंद होतो. मग त्याचं लक्ष कांडीच्या टोकाला लोंबणाऱ्या पांढऱ्या टेपकडे गेलं. त्याने ती चिमटीत धरून ओढली. ती निघत राहिली, निघत राहिली, काउंटरवर तिचा ढीग झाला. त्याने आतल्या खोलीतल्या लोकांना हाक मारली. तेही आले. एकाने फोटो काढला. सर्वज्ञ म्हणाले होते तसं मी कंपनीला कळवलं होतं, हे मात्र खरं.

घरी आलो तर दार उघडं, आणि स्वयंपाकघरात वाफेचा डोंगर. गॅसच्या दोन्ही शेगड्यांवर पातेली चढलेली. आई एका हातात सांडशी आणि दुसऱ्या हातात झाकण घेऊन उभी, कपाळावर घाम, केस सुटलेले. बायको बादल्या भरत होती आणि दोघी कशाला तरी खिदळत होत्या. एक बादली आमची, एक बादली खालच्या बाईंची; त्यांनी दवाखान्याकडून मुदत वाढवून घेतली होती आणि कोट दुसऱ्यांदा भिजवायचे होते.

"आई, ठेव ते! मी करतो!" मी सांडशीकडे झेपावलो.

आईने सांडशी उंच धरली. "हात लावशील तर बघ."

त्या वाफेत उभ्या असलेल्या आईकडे बघताना मला एकदम सगळं उमगलं. ती टाकी, ती कांडी, ते झबलं, त्या शाली! मी हात जोडले. "आई, आत्ता कळलं मला. तू म्हणजे मॅग्नेशियम आहेस. आणि मी तुला टेप गुंडाळून..."

"मी कोण?"

"मॅग्नेशियम. जे स्वतः झिजतं आणि लोखंडाला..."

"आणि लोखंड म्हणजे तू का?" तिने मला खालपासून वरपर्यंत पाहिलं. "हे बघ, मी काही तुझ्यासाठी झिजायला-बिजायला आलेली नाही. तुला वाढवण्यात जेवढी झिजायची तेवढी झिजले, उरलेली माझी मला आहे. मला त्या खुर्चीत कंटाळा येतो, एवढं साधं आहे ते. सरक, पाणी उकळलं."

मी सरकलो.

रविवारी दादा गाडी घेऊन आला. जिन्यातच त्याला डागाळलेली भिंत दिसली, न्हाणीघरात टाकीची रिकामी जागा दिसली, आणि त्याचा चेहरा करुणेने इतका फुलला, की मला तो पुसून काढावासा वाटला.

"आई कुठाय?"

आई खाली होती. आम्ही दोघं खाली गेलो. बाईंचं मशीन धो धो चाललं होतं आणि आई त्यांच्या शेजारी स्टुलावर बसून कोटांना बटणं लावत होती. डाग पुरते गेले नव्हते, म्हणून जिथे डाग तिथे खिसा, अशी युक्ती दोघींनी काढली होती. एका कोटाच्या पाठीलाही खिसा होता.

"चल आई," दादा म्हणाला. "सामान भर. अगं, इथे तर साधं गरम पाणीही नाही!"

"आहे की. मी तापवते."

"तू? या वयात? माझ्याकडे तुला कशालाही हात लावावा लागत नाही."

"तेच ना रे." आईने दोरा दाताने तोडला. "तुझ्याकडे सगळं गुणाचं. मी उठले तरी नळ वाहतो, मी निजले तरी वाहतो. मी मेले तरी पाणी गरमच. इथे मी नसले तर एक बादली हलत नाही." मग तिने सुई माझ्याकडे रोखली. "आणि हा बघ. असा मुलगा एकटा सोडून जाऊ का मी? सुनेने काय पाप केलंय?"

बाई मशीन थांबवून मनापासून हसल्या. मी परीक्षेत पहिला आलो होतो, आणि निकाल असा होता की तो कुणाला सांगायची सोय नव्हती.

दादा हिरमुसला. पण भावाचं कर्तव्य त्याने सोडलं नाही. "निदान मी नवा गिझर पाठवतो," तो म्हणाला.

"पाठव," आई म्हणाली. "घाई करू नकोस पण."

गाडी गेली. मी वर आलो. बायको रिकामी पातेली घासून पालथी घालत होती. मी दारातूनच सांगितलं, "आई राहतेय. कायमची."

तिने हात पुसले, आणि बऱ्याच दिवसांनी माझ्याकडे मायेने पाहिलं.

"बरं झालं. पण दादांचा गिझर आला की पुन्हा त्या खुर्चीत जाऊन बसतील, आणि दोन महिन्यांत निघतील. घरात सतत काहीतरी बिघडत राहिलं पाहिजे."

"आता ते कसं जमायचं?"

"जमेल हो," ती म्हणाली. "तुम्ही वेगळं काही करू नका. दुरुस्ती करत राहा."